‘मित्राची गोष्ट’ : गोष्ट कोणाची?

विजय तेंडुलकर यांच्या ‘मित्राची गोष्ट’ या नाटकाच्या नावातच एक पेच आहे. ‘मित्र’ आणि ‘मित्रा’ या दोन्ही शब्दांची षष्ठी एकच होते. तेव्हा गोष्ट मित्राची, म्हणजे ती सांगणाऱ्या बापूची, की मित्रा या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सुमित्रा देवची, हे शीर्षकावरून ठरत नाही. गौरी रामनारायण यांच्या इंग्रजी अनुवादाला यांपैकी एकच अर्थ घ्यावा लागला. दोष त्यांचा नव्हे, इंग्रजीचा.

विनय आपटे यांच्या दिग्दर्शनाखाली १९८१ साली हे नाटक रंगभूमीवर आले आणि मित्राची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांनी केली. मित्रा स्वतः नटी आहे, हे येथे विसरता कामा नये. महाविद्यालयाच्या नाटकात ती पुरुषपात्र रंगवते, समोर नायिका म्हणून नमा असते, आणि तेथेच तिचे मन गुंतते. ज्या रसिकतेने बालगंधर्वांचे लुगडे नेसणे घरोघरी अनुकरणीय मानले, तिला वेषांतराचे वावडे कधीच नव्हते. वेष उतरल्यावर भावनाही उतरली पाहिजे, एवढीच तिची अट. मित्राकडून ती पाळली जात नाही. बरे, तेंडुलकरांनी तिला सोज्ज्वळही केलेले नाही. ती हट्टी आहे, नमावर हक्क गाजवणारी आहे. हा त्यांचा मोठाच गुण म्हटला पाहिजे.

परंतु तिचे दुःख आपल्यापर्यंत पोहोचते ते बापूच्या तोंडून. स्त्रीच्या स्त्रीवरील प्रेमाला एका पुरुषाची साक्ष लागते, आणि शेवटी नायिकेचा आत्मघातही. पुस्तकात ही चौकट घट्ट बसते. रंगमंचावर मात्र ती सैल होते, कारण तेथे निवेदकाच्या शेजारी नटी सदेह उभी असते. त्याची वाक्ये संपतात. तिचे उभे राहणे संपत नाही. हट्टंगडींसारख्या समर्थ अभिनेत्रीने ही भूमिका स्वीकारली, याचे महत्त्व मला येथे वाटते.

आमच्या परदेशीपुऱ्यासारख्या गिरण्यांच्या आसऱ्याने वाढलेल्या वस्तीत मराठी माणूस घरात एक भाषा बोलतो, बाहेर दुसरी. मित्राला आपली भाषा बोलण्यास घरही नाही. वास्तवातील स्त्रिया मात्र तिच्याइतक्या एकाकी राहिल्या नाहीत. याच मध्य प्रदेशात १९८७ साली पोलीस दलातील दोघींनी एकमेकींशी विवाह केला. नोकरी गेली, पण त्यांच्या वतीने निवेदन करण्यास कोणी बापू लागला नाही. १९९५ साली मुंबईत ‘स्त्री संगम’ हा अशा स्त्रियांचा गट उभा राहिला, तोही त्यांनी स्वतःच उभा केलेला.

या नाटकाचा नवा प्रयोग कोणी बसवणार असेल, तर बापूची निवेदने प्रेक्षकांकडे तोंड करून न म्हणवता मित्राला उद्देशून म्हणवून पाहावीत, आणि ती ऐकत असताना प्रकाश तिच्यावर ठेवावा.