म्युनिकला आतून ओळखणारा लेखक

जर्मन विनोदी सिनेमाला प्रेक्षकांची वानवा नाही. २००१ साली वेस्टर्नपटांची खिल्ली उडवणारा ‘देर शू देस मानितू’ जर्मनीत एक कोटीहून अधिक लोकांनी थिएटरात जाऊन पाहिला. त्यातले नायक बव्हेरियन बोलीत बोलतात आणि गंमत तेवढ्यावरच संपते. हेल्मुट डिट्ल (१९४४-२०१५) याच्या लेखनात मात्र बोलीवरून माणसाची ऐपत, हाव आणि भीती कळते. म्हणूनच हा पटकथाकार-दिग्दर्शक मला मोठा वाटतो.

१९८६ ची ‘किर रोयाल’ ही सहा भागांची मालिका त्याने कादंबरीकार पाट्रिक झ्युसकिंडसोबत लिहिली. नायक बेबी शिमरलोस म्युनिकच्या बड्या लोकांच्या भानगडी छापणारा पत्रकार. पहिल्याच भागात ऱ्हाइनकडचा गोंदाचा कारखानदार हाफेनलोअर त्याच्या मागे लागतो. त्याला बेबीच्या सदरात नाव हवंय. बेबी दाद देत नाही, तेव्हा तो पैशाखाली गाडून टाकण्याची धमकी देतो, तीही शिवराळ भाषेत. आणि त्याच दमात म्हणतो, मला फक्त तुझी दोस्ती हवी आहे, मला ‘हायनी’ म्हण. हाफेनलोअर झालेल्या मारिओ आडोर्फने हे असं केलंय की हसता हसता त्या माणसाचं एकटेपण अंगावर येतं. दरडावणं आणि गयावया करणं एकाच संवादात बसवायला लेखकाचा कान तयार लागतो.

‘श्टोंक!’ (१९९२) उलरिख लिमरसोबत लिहिलेला. ‘श्टेर्न’ साप्ताहिकाने ९३ लाख मार्क मोजून घेतलेल्या हिटलरच्या बनावट रोजनिश्या १९८३ मध्ये छापल्या, त्या प्रकरणावरचा. वह्यांवर अडॉल्फच्या ‘ए’ऐवजी ‘एफ’ अक्षर चिकटवलेलं असतं (प्रत्यक्ष प्रकरणातल्या वह्यांवरही तसंच होतं), आणि शहाणेसुरते संपादक त्या ‘एफ’चा अर्थ लावत बसतात. फसायला उत्सुक असलेला सुशिक्षित वर्ग इतका नेमका क्वचितच कुणी पकडला असेल. चित्रपटाला ऑस्कर नामांकन मिळालं.

‘रोसीनी’त (१९९७) म्युनिकच्या एका इटालियन रेस्तराँमध्ये सिनेमावाले एकमेकांना ओरबाडतात. आपल्या पुस्तकाचे हक्क विकायला तयार नसलेला माणूसघाणा लेखक त्यात आहे. तो झ्युसकिंडवरच बेतलेला, आणि सहलेखकही झ्युसकिंडच.

मग २०१२ चा ‘त्सेट्ल’. डिट्ल बर्लिनला गेला, राजधानीतल्या राजकारण-पत्रकारितेवर लिहिलं, आणि चित्रपट साफ पडला. समीक्षकांनी झोडपलं. वय झालं होतं, असं म्हणून ते अपयश झटकता येणार नाही. तिथली पात्रं पदांनी ओळखू येतात, बोलण्याने नाही. बर्लिन त्याच्या कानात मुरलंच नव्हतं.

पुढे हा कान मला सापडला तो दिग्दर्शिका मारेन आडेकडे. ‘टोनी एर्डमान’मध्ये (२०१६) ती बुखारेस्टमधल्या कॉर्पोरेट सल्लागारांची गुळगुळीत, भावना झाकणारी भाषा तंतोतंत पकडते, आणि त्यांच्यातल्याच एका मुलीच्या, खोटे दात लावलेल्या बापाला त्या भाषेसमोर उभं करते. बाप आपली खोटी ओळख सांगत राहतो, आणि मुलीची सावरण्याची धडपड आपण तिच्या शब्दांतून ऐकतो.