संकलन आणि कर्तन : होंग सांग-सू यांच्या चित्रपटांचा आकृतिबंध

दक्षिण कोरियातील स्वतंत्र दिग्दर्शक होंग सांग-सू यांचा पहिला चित्रपट १९९६ साली प्रदर्शित झाला. तेव्हापासूनच्या त्यांच्या कारकिर्दीची चर्चा बहुधा अत्यल्प खर्च, चित्रीकरणाच्या दिवशी सकाळी लिहिले जाणारे संवाद आणि मद्यपानाचे दीर्घ प्रसंग यांभोवती फिरते. निर्मितीपद्धतीचे हे वर्णन खरे असले, तरी त्यातून कलाकृतीच्या आकृतिबंधाचा उलगडा होत नाही. त्यासाठी संकलनाकडे वळावे लागते.

मराठीने चित्रपटाच्या संदर्भात स्वीकारलेल्या 'संकलन' या शब्दाचा मूळ अर्थ एकत्र करणे, बेरीज करणे असा आहे. कापणे असा नव्हे. होंग यांच्याबाबत हा भेद निर्णायक ठरतो. त्यांचे प्रसंग पुष्कळदा एकाच अखंड चित्रणात घडतात. 'टेल ऑफ सिनेमा'पासून (२००५) तर चित्रण न तोडता झूमने चौकट बदलणे ही त्यांची ओळखच बनली. प्रसंगाच्या अंतर्गत कर्तन अत्यल्प. अर्थ निर्माण होतो तो एका प्रसंगाशेजारी दुसरा ठेवण्यातून.

लोकार्नो महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवणाऱ्या 'राइट नाऊ, राँग देन' (२०१५) या चित्रपटात सुवोन शहरी एक दिवस आधी पोचलेला दिग्दर्शक आणि तेथे भेटलेली चित्रकार स्त्री यांच्या एकाच दिवसाची कथा दोनदा सांगितली जाते. पहिल्या कथनात तो तिच्या चित्राची ठरावीक शब्दांत स्तुती करतो. दुसऱ्यात स्पष्ट टीका करतो. कोणते कथन प्रमाण, याचा निर्वाळा चित्रपट देत नाही. दोहोंतील अंतर मोजण्याचे काम प्रेक्षकावर येते.

'इंट्रोडक्शन'मध्ये (२०२१) लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन आणि संगीत ही सर्व अंगे होंग यांनीच सांभाळली. येथे पुनरावृत्तीपेक्षा वगळणे महत्त्वाचे ठरते. तीन भागांच्या मधला काळ गाळलेला आहे. तरुण प्रेमिकांचा दुरावा पडद्यावर घडत नाही, तो अनुमानाने जाणावा लागतो. स्वप्नाचा आरंभही कोणत्याही खुणेविना होतो. बेरजेतील काही संख्या मुद्दाम कोऱ्या ठेवाव्यात, तसे हे संकलन आहे.

मात्र या एकहातीपणाची किंमतही लक्षात घ्यायला हवी. वेगळा संकलक हा कलाकृतीचा पहिला परका प्रेक्षक असतो. तो नसला, की लकब आणि शैली यांतील सीमारेषा पुसट होऊ शकते. जवळजवळ संपूर्णपणे धूसर चित्रित केलेल्या 'इन वॉटर'मध्ये (२०२३) हा धोका जाणवतो. बऱ्याच प्रसंगांत ती धूसरता केवळ एक अट म्हणून उरते. समुद्रात शिरणारी आकृती अखेरीस पाण्यात विरून जाते, तेव्हाच तिला आशयाचे बळ लाभते.

तेव्हा होंग यांचे स्वातंत्र्य खर्चाच्या आकड्यांवरून जोखणे अपुरे आहे. प्रसंगांमधील मोकळी जागा प्रेक्षकाला अर्थनिर्णयनासाठी खरोखर उपलब्ध होते की दिग्दर्शकाच्या सवयीनेच भरून जाते, या निकषावर त्यांचा प्रत्येक चित्रपट स्वतंत्रपणे तपासावा लागेल.