मारुती कांबळे जिवंत असता तर

'सामना' परत बघितला. इचलकरंजीत, रात्रपाळी सुटल्यावर, सूतगिरणीतल्या आम्ही चौघांनी एका मोबाइलवर. १९७५ चा सिनेमा. लेखन विजय तेंडुलकरांचं, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं. निळू फुल्यांचा हिंदुराव धोंडे पाटील म्हणजे साखर कारखान्याच्या जोरावर मुलूख खिशात घातलेला माणूस. आम्ही शाहूवाडीकडची पोरं त्याला ओळखतो. सिनेमा खोटा नाही. माझं भांडण वेगळं आहे.

मारुती कांबळेचं काय झालं हे विचारतो कोण? बाहेरून आलेला दारुडा मास्तर. पाटलाची झोप तो उडवतो, मान्य. पण सगळा सामना पाटील आणि मास्तरचा. कांबळे मेला म्हणून गोष्टीत आला. जिवंत राहून गावच्या खुर्चीत बसला असता, तर तेंडुलकरांनी त्याचं काय केलं असतं?

हा प्रश्न हवेतला नाही मित्रहो. १९१८ साली शाहू महाराजांनी आमच्या संस्थानात महार वतन मोडलं, जमिनी ज्याच्या त्याच्या नावावर केल्या. १९२८ साली बाबासाहेबांनी मुंबई कौन्सिलात वतनाचं बिल मांडलं, ते पास झालं नाही. तिकडं १९५८ चा कायदा यावा लागला. मग १९९२ च्या ७३ व्या घटनादुरुस्तीनं राखीव सरपंचपद आलं, आणि माझी चुलती सरपंच झाली.

ज्यांच्या रानात ती भाताची रोपलावण करायची, त्यांनीच सदस्य फोडले. कलम ३५, अविश्वास ठराव. शिवी नाही, काठी नाही. चुलती ठरावाच्या कागदावर बोट ठेवून एकेक अक्षर लावत बसलेली मी बघितली. त्या पावसाळ्यात बौद्धवाड्यातल्या एकाही बाईला रोपलावणीचं बोलावणं आलं नाही. हिंदुरावाला आता खून करायची गरज काय?

हे काय आपल्याच मुलखात नाही. बोलिव्हियात २००५ साली एव्हो मोरालेस हा आयमारा आदिवासी निवडून आला, तर २००८ साली सांताक्रूझच्या जमीनदार पुढाऱ्यांनी मतदान घेऊन प्रांताचा कारभारच वेगळा मागितला.

'सामना' पाटलाला उघडा पाडून थांबतो. आपल्या कथा-कविताही खुनापाशी, जळितापाशी थांबतात, माझ्या धरून. खुर्चीतल्या कांबळेवर मी एक ओळ लिहिलेली नाही.

गावी गेल्यावर चुलतीला सिनेमा दाखवला. म्हणाली, "उघडा पडला, ब्येस झालं. पर रान कुणाच्या नावावर ऱ्हायलं रं?"