खेत न कसते : पांडवलेण्यांच्या एका सहलीबद्दल

गेली चार वर्षं ज्या भिंतींवर मी पीएच.डी. करते आहे, त्याच भिंती बघायला मागच्या महिन्यात मी माणशी नऊशे रुपये मोजून गेले. विभागात हे कळल्यावर माझ्या गाइड मॅडम म्हणाल्या, "एक गाइड पुरत नव्हता का गं तुला?" पण मला खरंच बघायचं होतं. प्राचीन साम्राज्याचे अवशेष एका दिवसात दाखवू, अशी जाहिरात होती. सकाळी मिसळ, मग लेणी, मग जेवण आणि शेवटी गंगापूर धरणाच्या बाजूला वायनरी. आपण शोधनिबंधांत जे लिहितो त्यातलं किती त्या बसपर्यंत पोचतं, एवढाच माझा प्रश्न होता. तसं बरंच पोचलंय. जे पोचलं नाही ते मात्र मला अजून खुपतंय, म्हणून हे लिहिते.

आधी जमेची बाजू. गाइड तरुण होता, आवाज खणखणीत. गुडघे दुखणाऱ्या एका आजींना पायऱ्या चढताना त्याने शेवटपर्यंत हात दिला. या लेण्यांचा पांडवांशी काही संबंध नाही हे त्याने पहिल्या पाच मिनिटांत सांगून टाकलं, कुणाचं मन न दुखवता. लेखांमध्ये या डोंगराला तिरण्हु म्हणजे त्रिरश्मी म्हटलंय हे सांगितलं, आणि १९ नंबरच्या लेण्यात, सातवाहन राजा कण्ह याच्या काळातल्या लेखात, नाशिकचं नाव येतं हेही दाखवलं. मोबाइलचा टॉर्च भिंतीला तिरका धरला की अक्षरं उठून दिसतात ही युक्ती त्याला माहीत होती. आमच्या एम.ए.च्या वर्गाला ती तिसऱ्या फेरीत कळली!

मग आम्ही ३ नंबरच्या लेण्यापुढे आलो. समोर सहा गण सगळं लेणं खांद्यावर पेलून बसलेत. वर व्हरांड्याच्या भिंतीवर, छताला लागून, तो प्रसिद्ध लेख. गाइडने घसा साफ केला आणि सुरू झाला : गौतमीपुत्र सातकर्णी, शक-यवन-पल्हवांचा नाश करणारा, क्षहरात वंश निःशेष करणारा, ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यायलं. मुलुखांची यादी तर तोंडपाठ : असिक, असक, मुळक, सुरठ, कुकुर, अपरांत... टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या, कारण म्हटलं छान होतं त्याने.

चूक यात एकही नाही. हे सगळं त्या लेखात आहे. पण हे बोलतंय कोण, ते त्याने सांगितलं नाही. हा लेख गौतमीपुत्राचा नाही. तो कोरला गेला त्याच्या मुलाच्या, वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या, कारकिर्दीच्या १९ व्या वर्षी, आणि लेणं भद्रायणीय भिक्षूंना देणारी बाई आहे गौतमी बलश्री, गौतमीपुत्राची आई. स्वतःची ओळख ती महाराजाची आई आणि महाराजाची आजी अशी करून देते. विजयांच्या यादीत मध्येच एक विशेषण येतं, की तो आईची अखंड सेवा करणारा होता. राजाच्या पराक्रमाची जाहिरात म्हणून वाचलं तर हे विशेषण तिथे जरा उपरंच वाटतं. गेलेल्या मुलाबद्दल म्हातारी आई बोलते आहे म्हणून वाचलं, की ते बरोबर जागेवर बसतं.

एवढ्यावर मी गप्प बसले असते. खरी अडचण त्याच व्हरांड्यात, दुसऱ्या भिंतीवर आहे, आणि तिकडे टॉर्च वळलाच नाही.

तिथे एकाखाली एक असे दोन लेख आहेत. दोन्ही सरकारी हुकूम, आजच्या भाषेत सांगायचं तर फेरफारच. पहिला गौतमीपुत्राच्या १८ व्या वर्षाचा. वैजयंतीच्या विजयी सेनेच्या छावणीतून राजा गोवर्धनच्या अमात्याला, विण्हुपालिताला, कळवतो : पश्चिम काखडी गावात आजवर उसभदाताच्या वहिवाटीत असलेलं २०० निवर्तनांचं शेत या डोंगरावरच्या भिक्षूंना देत आहोत. उसभदात म्हणजे उषवदात, क्षहरात राजा नहपान याचा जावई. लढाई नुकतीच संपलीय, हरलेल्याची जमीन वाटली जाते आहे.

दुसरा हुकूम सहा वर्षांनंतरचा, २४ व्या वर्षाचा. आता अमात्य बदललाय, सामक आहे. हुकूम राजा आणि राजमाता दोघांच्या नावे निघतो. तिच्यासाठी शब्द आहे ‘जीवसुता’, जिचा मुलगा हयात आहे ती. आणि दोघं काय म्हणतात? काखडी गावातलं शेत आम्ही पूर्वी दिलं होतं, पण ते खेत ‘न कसते’, ते गाव ‘न वसति’. म्हणून आता नगराच्या सीमेवरच्या आमच्या राजकीय शेतातली १०० निवर्तनं द्यावीत. त्या शेतात राजाच्या माणसांनी शिरायचं नाही, हात लावायचा नाही, मिठासाठी खणायचं नाही.

हे वाचायला प्राकृत शिकावं लागत नाही हो. शेत कसणं हा शब्द आपल्याकडे आजही तोच आहे. आमच्या गटात निफाडकडचे एक द्राक्षबागायतदार काका होते. मी शेजारी उभी राहून त्यांना हळूच त्या ओळीचा अर्थ सांगितला (मुख्य कार्यक्रमात लुडबुड नको म्हणून), तर ते म्हणाले, "म्हणजे पडीक पडलं? अख्खं गाव?" मी हो म्हटलं. "मग कसणारी माणसं गेली कुठं?"

चार वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता, आणि मीही स्वतःला विचारला नव्हता. माझ्या प्रबंधात काखडी एका तक्त्यात आहे : वर्ष, दाता, गाव, क्षेत्र, सवलती. शेवटच्या रकान्यात मी ‘दानाचे स्थलांतर’ असं लिहून ठेवलं होतं. गाव ओस का पडलं ते हुकूम सांगत नाही. लढाईत माणसं पळाली असतील, दुष्काळ असेल, नव्या धन्याकडे राबायचं नसेल. कारण काहीही असो, ज्या आईने पुढे भिंतीवर मुलाचे विजय कोरून घेतले, तिच्याच नावे निघालेला हा कागद आहे, आणि तो त्याच लेण्यात, चार पावलांवर आहे. भाटाचं गाणं आणि तलाठ्याची नोंद एकाच ओसरीत ठेवणारी जागा आपल्याकडे दुसरी कुठली आहे मला आठवत नाही. सहलीत त्यातलं फक्त गाणं ऐकवलं जातं.

पुढे १० नंबरचं लेणं. "हे शत्रूचं लेणं," असं म्हणून गाइडने चार मिनिटांत उरकलं, फोटोसाठी दोन मिनिटं वेगळी. वास्तविक विजेत्यांनी ३ नंबर खोदलं ते याच लेण्याकडे बघून. रचना तशीच, हात थोडा जड. आणि इथला उषवदाताचा लेख हा माझ्या मते साऱ्या डोंगरावरचा सर्वांत वाचनीय मजकूर आहे. ४२ व्या वर्षाचा. ३,००० कार्षापणांची अक्षयनीवी, म्हणजे कायम ठेव. ती ठेवली कुठे? तर गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेण्यांकडे. एका श्रेणीकडे २,०००, शेकडा एक व्याजाने. दुसरीकडे १,०००, शेकडा पाऊण. मुद्दल परत मागायचं नाही, व्याज तेवढं खायचं. पहिल्या व्याजातून लेण्यातल्या २० भिक्षूंना चीवरासाठी प्रत्येकी १२ कार्षापण. आता हिशेब करा : २,००० वर दरमहा शेकडा एक म्हणजे महिन्याला २०, वर्षाला २४०. वीस बारं दोनशे चाळीस. व्याज महिन्याचं होतं हे असं आकड्यांतूनच सिद्ध होतं. वर हा सगळा व्यवहार निगमसभेत वाचून दाखवला आणि रिवाजाप्रमाणे फलकावर नोंदवला असंही लिहिलंय. शाळकरी पोरांना हे गणित तिथल्या तिथे घातलं असतं तर ती सहल विसरली नसती.

हाच उषवदात आणखी एके ठिकाणी सांगतो, की भिक्षूंच्या अन्नासाठी एक शेत त्याने अश्विभूती नावाच्या ब्राह्मणाकडून ४,००० कार्षापण मोजून विकत घेतलं. राजाचा जावई, हाती सत्ता, आणि जमीन खरेदी करून मग दान देतो. तो फार सज्जन होता असा माझा दावा नाही. लढायांच्या बढाया त्यानेही मारल्यात. पण ‘परकीय आक्रमक’ एवढ्या दोन शब्दांत हा माणूस मावत नाही.

जोगलटेंभीच्या नाण्यांचंही तसंच. १९०६ साली सिन्नर तालुक्यात नहपानाच्या चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा मिळाला, १३,००० हून अधिक. त्यातल्या नऊ हजारांवर नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला छाप मारलेला. गाइडच्या मते हा शत्रूचा अपमान. असेलही थोडा. पण चांदी वितळवली नाही, वजन बदललं नाही, जुन्या राजाचा चेहरा खाली पुसट दिसतोच. बाजाराचा ज्या नाण्यावर विश्वास होता ते नाणं नव्या राजाने चालू ठेवलं, असं मी म्हणेन.

आणि निःशेष? त्याच १० नंबरच्या अंगणात, डाव्या भिंतीवर, पुढच्या काळातला आभीर राजा ईश्वरसेन याच्या कारकिर्दीतला लेख आहे. विष्णुदत्ता नावाच्या उपासिकेने आजारी भिक्षूंच्या औषधासाठी श्रेण्यांकडे ठेवी ठेवल्या : कुंभारांकडे, पाण्याची यंत्रं करणाऱ्यांकडे, तेल्यांकडे. ती स्वतःला ‘शकनिका’ म्हणवते, शक अग्निवर्म्याची मुलगी. जे संपले म्हणून आम्ही सकाळी टाळ्या वाजवल्या, त्यांची लेक शेजारच्याच अंगणात औषधपाण्याची सोय करून गेली आहे.

मी हे सगळं गाइडला खाली उतरल्यावर सांगितलं. त्याने वाईट वाटून घेतलं नाही. म्हणाला, "ताई, चाळीस मिनिटं मिळतात. शेतजमीन सांगितली तर लोक मोबाइल काढतात." त्याचं म्हणणं खोटं नाही. पण द्राक्षबागेतल्या काकांनी मोबाइल काढला तो त्या ओळीचा फोटो घ्यायला. आणि खरं सांगायचं तर दोष आमचा जास्त आहे. भगवानलाल इंद्रजींनी हे लेख १८८३ च्या गॅझेटियरसाठी वाचले, सेनार यांनी पुढे एपिग्राफिया इंडिकात छापले, मिराशींनी तर मराठीत अर्थासकट दिले. त्यानंतर आम्ही एकमेकांसाठीच लिहीत बसलो. लेण्यासमोर उभं राहून वाचता येईल असं दोन पानी मराठी पत्रक आमच्यापैकी किती जणांनी काढलं? मी तरी नाही.

संध्याकाळी बस वायनरीकडे निघाली. गंगापूर रोडने जाताना गोवर्धन गाव लागतं. अभ्यासक लेखांतलं गोवर्धन इथेच मानतात : विणकरांच्या श्रेण्या, निगमसभा, हुकूम घेणारा अमात्य, सगळं. बसमध्ये अंताक्षरी चालू होती. काका खिडकीशी बसले होते. मी बोट दाखवून म्हटलं, "ते व्याजावर पैसे ठेवलेले ना, ते इथे." त्यांनी मान वळवून गाव संपेपर्यंत पाहिलं. मग म्हणाले, "आणि ते काखडी?"

घरी येऊन मी तक्ता उघडला. ‘दानाचे स्थलांतर’ खोडलं आणि तिथे लेखातलेच शब्द ठेवले : खेत न कसते, गाम न वसति. पत्रकाचा पहिला मसुदा झालाय, दोन पानांत बसत नाहीये. कुणाला हवा असेल तर खाली सांगा. आणि स्वतः जाणार असाल तर आधी १० नंबर बघा, मग ३. टॉर्च न्या, तिरका धरा.