रिंगणाचा प्रेक्षक : खासबागेपासून गोरेगावच्या घरापर्यंत

ग्लॅडिएटरपटांची चर्चा सामान्यतः रोमपासून सुरू होते आणि हॉलिवुडमध्ये संपते. मराठी समीक्षेला हा विषय परका वाटत आला, त्याचे एक कारण हेच असावे. वस्तुतः रोमन रिंगणाशी मराठी भूमीचा संबंध 'राजा हरिश्चंद्र' (1913) या चित्रपटाहून एक वर्षाने जुना आहे. सातव्या एडवर्डच्या राज्यारोहण समारंभासाठी 1902 मध्ये युरोपात गेलेल्या राजर्षी शाहू महाराजांनी रोममधील कोलोसियम पाहिले आणि त्या धर्तीवर कोल्हापुरात कुस्त्यांचे मैदान बांधविले. 1912 मध्ये पूर्ण झालेले हे खासबाग मैदान म्हणजे केवळ एका वास्तुरूपाचे अनुकरण नव्हे. मध्यभागी हौदा, भोवती उतरत येणारी वर्तुळाकार बैठक, कोठूनही कुस्ती दिसेल अशी योजना, एवढेच रोमकडून घेतले गेले; मृत्यू घेतला गेला नाही. हौद्यातील मल्ल हा गुलाम नाही, तो वस्तादाचा पठ्ठा आहे. त्याची हार म्हणजे पाठ मातीला लागणे. चितपट झालेला मल्ल उठतो, अंगावरची माती झटकतो आणि पुढच्या जत्रेत पुन्हा उभा राहतो. रूप स्वीकारून त्यातील आशय नाकारण्याचे असे उदाहरण आपल्या सांस्कृतिक व्यवहारात विरळाच सापडेल.

हे लक्षात घेतले म्हणजे ग्लॅडिएटरपटांकडे पाहण्याची दृष्टी बदलते. स्टॅन्ले कुब्रिकच्या 'स्पार्टाकस' (1960) मध्ये ड्राबा हा कृष्णवर्णीय योद्धा हरलेल्या स्पार्टाकसला मारण्याचे नाकारतो आणि हातातील त्रिशूळ सज्जात बसलेल्या रोमन धनिकांच्या दिशेने फेकतो. रिडली स्कॉटच्या 'ग्लॅडिएटर' (2000) मध्ये मॅक्सिमस प्रतिस्पर्ध्यांचा फडशा पाडल्यावर तलवार भिरकावून देतो आणि प्रेक्षकांनाच जाब विचारतो. दोन्ही प्रसंगांत आरोप प्रेक्षकावर आहे, आणि दोन्ही प्रसंग प्रेक्षकाला सर्वाधिक आवडतात. आरोपाचेच रंजनात रूपांतर होणे, हा या चित्रप्रकाराचा मूळ अंतर्विरोध होय. चित्रपटगृहातला प्रेक्षक रोमन जमावाची निर्भर्त्सना ऐकतो आणि त्याच जमावाच्या जागेवरून लढत पाहतो. अंगठा खाली करण्याची खूणसुद्धा या दुहेरीपणातूनच आलेली आहे. जाँ-लेऑं जेरोम याच्या 1872 च्या चित्राने ती रूढ केली, आणि ते चित्र पाहूनच स्कॉट हा चित्रपट करण्यास तयार झाला. प्राचीन लेखनात वळवलेल्या अंगठ्याचा उल्लेख आहे. तो कोणीकडे वळवीत, याचा उलगडा त्यातून होत नाही. म्हणजे एका चित्रकाराची कल्पना इतिहास म्हणून प्रस्थापित झाली आणि पुढे तिच्यावर चित्रपट उभे राहिले.

इतिहासाची आणखी एक बाजू या चित्रपटांनी जवळजवळ झाकून टाकली आहे. स्पार्टाकस काय, मॅक्सिमस काय, दोघेही गुलाम म्हणून रिंगणात आणलेले. प्रत्यक्ष रोममध्ये स्वखुशीने रिंगणात उतरणारे स्वतंत्र नागरिकही होते. त्यांना 'ऑक्टोराटी' म्हणत. ते करार करीत, पैसे घेत, आणि चटके, बंधन, मारहाण व तलवारीने मरण हे सारे सोसण्याची शपथ घेत. मोबदल्यात त्यांची नागरी प्रतिष्ठा जाई. बळजबरीने लढणाऱ्याविषयी प्रेक्षकाला करुणा वाटू शकते. करारावर सही करून लढणाऱ्याविषयी काय वाटावे, हा प्रश्न अवघड असल्यामुळेच बहुधा चित्रपटांनी तो टाळला.

हिंदी पडद्यावर हे रोमन रूप आले ते पोशाखाच्या अंगाने. बाबूभाई मिस्त्रींच्या 'किंग काँग' (1962) पासून दारासिंगपटांची जी लाट आली, तिच्यात नावे 'सॅम्सन', 'हर्क्युलस' अशी, पण डाव आखाड्यातले. मनमोहन देसाईंच्या 'धरम-वीर' (1977) मध्ये धर्मेंद्र रोमन योद्ध्याचा आखूड वेश घालून वावरतो. त्या वेशाची थट्टा अद्याप थांबलेली नाही. या चित्रपटांत मौज आहे, परंतु प्रेक्षकावरचा आरोप मात्र मुळीच नाही. रोलाँ बार्थने 'मिथॉलॉजीज' (1957) मध्ये व्यावसायिक मल्लयुद्धाला क्रीडा न म्हणता दृश्यविधी म्हटले, ते या चित्रपटांना पुरेपूर लागू पडते.

योगायोग असा की, ज्या वर्षी 'धरम-वीर' प्रदर्शित झाला त्याच 1977 मध्ये गोरेगाव पूर्वेला, आरे वसाहतीच्या कडेला, राज्य शासनाची चित्रनगरी उभी राहिली. पुढे तिला फाळक्यांचे नाव मिळाले. ऑक्टोराटीचा टाळला गेलेला प्रश्न पुन्हा उपस्थित झाला तो याच आवारात. नेदरलँड्समध्ये 1999 साली सुरू झालेल्या 'बिग ब्रदर'ची हिंदी आवृत्ती 2006 मध्ये आणि मराठी आवृत्ती 2018 मध्ये आली. लोणावळ्यातले घर 2019 पासून गोरेगावच्या चित्रनगरीत आले. कोलोसियममध्ये प्रेक्षक भोवती आणि लढणारे मध्ये. येथे लढणाऱ्यांच्या भोवती कॅमेरे, आणि प्रेक्षक आपापल्या दिवाणखान्यात. 'ग्लॅडिएटर'साठी माल्टात कोलोसियमचा खालचा भाग तेवढा बांधून उरलेली वास्तू आणि बरीचशी गर्दी संगणकाने भरली होती. गोरेगावात गर्दी भरण्याचीही गरज उरली नाही.

येथे रोमन शब्दकोशातला एक शब्द उपयोगी पडतो. खेळ भरविणाऱ्या यजमानाला लॅटिनमध्ये 'एडिटर' म्हणत. पराभूताला जीवदान द्यावे की नाही, याचा अंतिम निर्णय त्याचा. जमावाने केवळ कौल द्यायचा. घराच्या खेळातही खरा अधिपती संकलकच आहे. दिवसभराच्या चित्रणातून तासाभराचा भाग निवडताना कोणाचे रडणे ठेवायचे आणि कोणाचा विनोद गाळायचा, हे तो ठरवितो. त्यामुळे प्रेक्षक मत देतो ते माणसाला नव्हे, त्याच्याविषयी रचलेल्या संहितेला. सूत्रसंचालक हा या अधिपतीचा दृश्य मुखवटा. महेश मांजरेकरांच्या काळात आठवड्याअखेरच्या न्यायनिवाड्याला 'चावडी' म्हटले गेले, रितेश देशमुखांच्या काळात 'भाऊचा धक्का'. दोन्ही नावे मराठी मनाला जवळची आहेत, आणि म्हणूनच ती तपासली पाहिजेत. चावडीवर गावाचा निवाडा होई, वादी-प्रतिवादी गावचेच असत, आणि निवाड्यानंतर त्यांना एकमेकांच्या शेजारीच राहावयाचे असे. धक्का तर बोलूनचालून मुंबईत येणाऱ्या-जाणाऱ्यांचा. या चावडीवर मात्र खेळानेच ज्या वर्तनाला चिथावणी दिली, त्याच वर्तनाबद्दल स्पर्धकाची खरडपट्टी काढली जाते. ड्राबाचा त्रिशूळ सज्जाकडे वळला होता. येथे तो पुन्हा रिंगणाकडे वळविलेला आहे. प्रेक्षक सुटला. ग्लॅडिएटरपटांचे दुटप्पी का होईना, पण जे नैतिक मोल होते, ते या स्थलांतरात गळून गेले आहे.

यावर एक आक्षेप संभवतो. मत देण्याचा अधिकार हा प्रेक्षकाच्या निष्क्रियतेवरचा उतारा नव्हे काय? आक्षेप दुर्लक्षणीय नाही. भरताच्या नाट्यशास्त्रात स्पर्धा आहे, पताकेसाठी झगडणारे नट आहेत आणि निर्णय देणारे प्राश्निकही आहेत. पण भरताचा प्राश्निक हा ज्या त्या विषयाचा जाणकार असतो: यज्ञाविषयी यज्ञवेत्ता, वृत्ताविषयी छंदोवेत्ता, अस्त्रप्रयोगाविषयी धनुर्धर, शृंगारोपचाराविषयी गणिका. याच भरताने युद्ध आणि मरण अंकात प्रत्यक्ष दाखवू नये, प्रवेशकाने सुचवावे, असेही सांगितले. दोन्ही नियमांमागे धारणा एकच आहे: पाहणे ही जबाबदारीची कृती आहे. मतदानाने प्रेक्षकाला अधिकार दिला, जाणकारीची अट मात्र ठेवली नाही.

तथापि, हा निष्कर्ष सरसकट लावता येत नाही. 2024 च्या पाचव्या पर्वाने तो अडचणीत आणला आहे. बारामती तालुक्यातील मोढवे गावचा सूरज चव्हाण त्या पर्वाचा विजेता ठरला. घरातले डावपेच त्याला फारसे जमत नव्हते, हे त्याचे चाहतेही मान्य करतील. सहानुभूतीने खेळ बिघडविला, अशी तक्रार तेव्हा झाली. परंतु रोमन परिभाषेत पाहिले तर प्रेक्षकांनी कौशल्याला इनाम दिले नाही, 'मिसिओ' दिली: लढून थकलेल्याला सन्मानाने सोडण्याचा कौल. करारावर सही केलेल्या माणसाविषयीही करुणा शक्य आहे, असे त्या कौलाने सुचविले. ही करुणा प्रेक्षकाची किती आणि त्याच्या हलाखीची कथा आठवड्यामागून आठवडे जुळवीत गेलेल्या संकलकाची किती, हे ठरविण्याचे साधन समीक्षकाच्या हाती नाही. मतांचे आकडे प्रसिद्ध होत नाहीत, गाळलेले चित्रण कोणी पाहत नाही. खासबागेत पाठ मातीला लागली की नाही, यावरून पंचाशी हुज्जत घालता येते, कारण शेवटच्या रांगेतल्या माणसानेही ती कुस्ती पाहिलेली असते.