घड्याळ, कोष्टके आणि एकाकी नायक

समुद्रावर रेखांश कसा काढावा, या प्रश्नाची गोष्ट गेली तीस वर्षे जगभर बहुतेक एकाच पुस्तकातून पोहोचली आहे. ते म्हणजे डाव्हा सोबेल यांचे १९९५ साली निघालेले 'लॉंगिट्यूड'. पुस्तक लहान आहे, भाषा नितळ आहे, आणि अवघड गोष्ट सोपी करून सांगण्याची लेखिकेची हातोटी विलक्षण आहे. विज्ञानाच्या इतिहासाकडे कधी न फिरकलेल्या हजारो वाचकांना त्याने या विषयाकडे वळवले, हे ऋण मान्य करूनच मी पुढे लिहितो आहे. माझा आक्षेप पुस्तकाच्या उपशीर्षकापासून सुरू होतो. आपल्या काळातला सर्वांत मोठा शास्त्रीय प्रश्न सोडवणाऱ्या एका एकाकी प्रतिभावंताची ही सत्यकथा आहे, असे ते सांगते. त्यातला 'एकाकी' हा शब्द तपासून पाहावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

आधी प्रश्न थोडक्यात पाहू. अक्षांश सूर्याच्या किंवा ध्रुवाच्या उंचीवरून काढता येतो. रेखांशाला असा नैसर्गिक आधार नाही. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणजे चार मिनिटांना एक अंश. आपल्या जागी किती वाजले हे सूर्यावरून कळते. त्याच क्षणी ग्रीनिचला किती वाजले हे कळले, तर दोहोंच्या फरकातून रेखांश निघतो. आपल्याकडच्या सिद्धांतग्रंथांना हे नवे नव्हते. ग्रहणाची गणिताने आलेली वेळ आणि प्रत्यक्ष दिसलेली वेळ यांतल्या फरकावरून उज्जयिनीच्या मध्यरेषेपासूनचे देशांतर काढण्याची रीत सूर्यसिद्धांतात दिलेली आहे. एक घटी म्हणजे सहा अंश. अडचण एवढीच, की ग्रहण रोज लागत नाही आणि खलाशाला उत्तर आज हवे असते.

ब्रिटिश संसदेने १७१४ साली कायदा करून बक्षीस लावले. रेखांश एका अंशाच्या आत काढणाऱ्याला १० हजार पौंड, अर्ध्या अंशाच्या आत काढणाऱ्याला २० हजार. अर्धा अंश म्हणजे वेळेची दोन मिनिटे. पद्धत प्रत्यक्ष वापरता येण्याजोगी आणि उपयुक्त असावी, अशीही अट होती. पुढचा सगळा वाद या अटीभोवती फिरतो.

सोबेल यांचे पुस्तक लवकरच १७०७ च्या सिली बेटांजवळच्या अपघाताकडे येते. ॲडमिरल क्लाउड्सली शोव्हेल याच्या ताफ्यातली चार जहाजे खडकांवर फुटली आणि चौदाशेहून अधिक माणसे बुडाली. त्याआधी एका खलाशाने जहाजाची जागा चुकते आहे असे बजावले, तेव्हा शोव्हेलने त्याला बंडखोर ठरवून फासावर दिले, अशी कथा त्या सांगतात. अपघात खरा आहे. फाशीच्या कथेला मात्र समकालीन पुरावा नाही. ती पुष्कळ नंतर तयार झालेली दंतकथा आहे. ताफ्यातल्या उरलेल्या जहाजांच्या रोजनिश्या तपासल्या, तेव्हा रेखांशाइतकाच अक्षांशही चुकलेला आढळला. शिवाय कायदा आला तो सात वर्षांनी, व्हिस्टन आणि डिटन या दोघा गणितज्ञांनी आपली योजना पुढे रेटल्यावर. पुस्तकाला तळटीपा नाहीत, शेवटी फक्त संदर्भसूची आहे. त्यामुळे दंतकथा कुठे संपते आणि दप्तर कुठे सुरू होते, हे वाचकाला कळायला मार्ग राहत नाही. ही त्रुटी तपशिलापुरती मानून चालणार नाही. शहाण्या सामान्य माणसाला अधिकारी चिरडतो, हा साचा इथेच तयार होतो आणि पुढे जॉन हॅरिसनची कथा त्यात ओतली जाते.

हॅरिसन (१६९३–१७७६) यॉर्कशरमध्ये जन्मलेला सुतार. घड्याळे बनवायला तो स्वतःच शिकला. त्याचे पहिले सागरी घड्याळ १७३५ मध्ये तयार झाले, चौथे १७५९ मध्ये. चौथे म्हणजे तळहातापेक्षा थोडे मोठे, खिशातल्या घड्याळासारखे दिसणारे यंत्र. बार्बाडोसच्या सफरीत ४७ दिवसांनंतर त्याची चूक ३९ सेकंद निघाली, म्हणजे सुमारे दहा मैल. कायद्याने मागितले होते त्याच्या तिप्पट अचूक. अशा माणसापुढे हात जोडावेत, यात वाद नाही.

पण तो एकाकी होता का? सोबेल यांचीच प्रकरणे तसे सांगत नाहीत. हॅली त्याला जॉर्ज ग्रॅहमकडे पाठवतो. लंडनचा हा नामांकित घड्याळजी बिनव्याजी पैसे देतो. १७३७ पासून मंडळ काम चालू ठेवण्यासाठी रकमा देते. १७४९ मध्ये रॉयल सोसायटी त्याला कॉप्ली पदक देते. सुरुवातीला भाऊ जेम्स आणि नंतर मुलगा विल्यम त्याच्याबरोबर राबतात. हे सगळे पुस्तकात येऊनही उपशीर्षक हटत नाही.

या साच्याला एक प्रतिस्पर्धी लागतो, आणि तो नेव्हिल मॅस्केलिन. राजज्योतिषी, चंद्रांतर पद्धतीचा पुरस्कर्ता. सोबेल त्याला सरळ खलनायक म्हणत नाहीत, पण वाचक पुस्तक मिटतो तो त्याच्यावर चिडूनच. त्याने घड्याळाची ग्रीनिचला दहा महिने चाचणी घेतली आणि अहवाल प्रतिकूल दिला. त्या चाचणीविषयी हॅरिसनची तक्रार होती आणि ती निराधार नव्हती. स्वतः एका पद्धतीचा पुरस्कार करणाऱ्याने दुसरीचा न्यायाधीश होऊ नये, हे आजही आपण म्हणू. पण मंडळाची मुख्य मागणी काय होती? रचना उघड कर, आणि दुसऱ्या कारागिराला तसेच घड्याळ करता येते हे सिद्ध होऊ दे. एक अप्रतिम घड्याळ म्हणजे पद्धत होत नाही. शेकडो जहाजांना शेकडो घड्याळे लागतात. लार्कम केंडल याने हुबेहूब नक्कल केली. ती १७६९ मध्ये पुरी झाली आणि तिला ५०० पौंड पडले. केंडलने पुढे सोपी, २०० पौंडांची आवृत्ती केली, पण ती तितकी भरवशाची ठरली नाही. क्रोनोमीटर सर्वांच्या आवाक्यात आणला तो १७८० नंतर अर्नल्ड आणि अर्नशॉ यांनी, आणि त्यांची रचना हॅरिसनपेक्षा फ्रान्सच्या प्येर ल रुआच्या तत्त्वाला जवळची होती.

आता चंद्रांतर पद्धतीकडे पाहू. चंद्र ताऱ्यांमधून तासाला सुमारे अर्धा अंश सरकतो. आकाशाच्या तबकडीवर तो काट्यासारखा आहे. चंद्र आणि एखादा तारा यांतले अंतर मोजायचे आणि ग्रीनिचला ते अंतर किती वाजता असेल, हे कोष्टकात पाहायचे. मोजण्यात एक कला चुकली, तर रेखांश जवळजवळ अर्धा अंश चुकतो. गोटिंगेनच्या टोबियास मायरने चंद्राची कोष्टके बसवली. त्याच्या विधवेला मंडळाने तीन हजार पौंड दिले. जहाजावर हे गणित तीनचार तास खाई. मॅस्केलिनने १७६७ सालापासून 'नॉटिकल अल्मनॅक' म्हणजे नाविक पंचांग सुरू केले आणि ते अर्ध्या तासावर आणले. कुकने १७६८ ते १७७१ च्या पहिल्या सफरीत क्रोनोमीटरशिवाय, याच पंचांगाच्या आधारे न्यूझीलंडचा नकाशा काढला. दुसऱ्या सफरीत केंडलचे घड्याळ होते आणि चंद्रांतरेही होती. एकाने दुसऱ्याला ताडून पाहिले जात होते. घड्याळ मध्येच चुकू लागले, तर त्याला ते स्वतः कळत नाही. नाविक पंचांगाने चंद्रांतराची कोष्टके १९०६ सालापर्यंत छापली. गोष्टीत हरलेली पद्धत छापखान्यात १४० वर्षे टिकली!

ही कोष्टके कोणी केली? इंग्लंडभर आपापल्या घरी बसून, ठरलेल्या मोबदल्यावर आकडेमोड करणाऱ्या गणकांनी. एक जण मध्यान्हीची चंद्रस्थिती काढी, दुसरा मध्यरात्रीची, आणि तिसरा दोन्ही रांगा एकत्र लावून आकडे सुरळीत चालतात की नाही, हे ताडून पाही. दोघा गणकांनी आपापसांत आकडे जुळवून घेतल्याचे उघडकीला आले, तेव्हा मॅस्केलिनने त्यांना काढून टाकले. लडलो गावच्या जॉन एडवर्ड्स या पाद्र्याच्या नावावर येणारे काम बरेचसे त्याची बायको मेरी करत होती. नवरा १७८४ मध्ये वारल्यावर ते उघड झाले. मॅस्केलिनने काम तिच्याकडेच ठेवले. तिच्यानंतर मुलगी एलायझाने ते १८३२ पर्यंत चालवले. हजारो खलाशांचे प्राण या मायलेकींच्या बेरजा-वजाबाक्यांवर अवलंबून होते. नायक शोधणाऱ्या पुस्तकाच्या मध्यभागी त्यांना जागा मिळणे कठीणच.

आपल्याकडे मराठीत ही परंपरा घड्याळाच्या वाटेने नव्हे, कोष्टकांच्या वाटेने आली, हे मला महत्त्वाचे वाटते. १८२६ साली कुलाब्याला वेधशाळा उभी राहिली, तिचा एक हेतू जहाजांना अचूक वेळ पुरवणे हा होता. त्या वेधशाळेत तरुणपणी नोकरी केलेले केरो लक्ष्मण छत्रे यांनी १८६० मध्ये 'ग्रहसाधनाची कोष्टके' हा ग्रंथ दिला. शके १७८७ पासून निघू लागलेल्या पटवर्धनी पंचांगाचे गणित याच इंग्रजी नाविक पंचांगावरून होत असे. समुद्र कधी न पाहिलेल्या घरांतली एकादशी आणि संक्रांत अशा रीतीने ग्रीनिचच्या गणकांशी जोडली गेली. त्यावर वाद झाले, पण ते आकडे पुढ्यात मांडून झाले. कोणालाही पुन्हा गणित करून पाहता येत होते.

हॅरिसनच्या कथेचा मोह मलाही पडतो. मी कोणत्याही विद्यापीठाचा नाही. जे शिकलो ते ग्रंथालयांत आणि जुन्या पुस्तकांच्या दुकानांत. सुताराने राजज्योतिष्याला हरवले, हे वाचताना अंगावर मूठभर मांस चढते. पण आमच्यासारख्यांना हीच कथा सर्वांत घातक आहे. प्रस्थापितांनी नाकारले, म्हणून आपण बरोबर, असा सोपा निष्कर्ष ती हाती देते. मराठीत असे दावे कमी नाहीत; दर काही वर्षांनी कोणीतरी वर्तुळाचा चौरस करतो किंवा एखाद्या शिलालेखाचा 'दडवलेला' अर्थ सांगतो, आणि रीत विचारली की हॅरिसनचे नाव घेतो. हॅरिसनचे काम टिकले ते मात्र त्याला जाच वाटलेल्या त्या मागणीमुळेच. १७६५ मध्ये त्याने तज्ज्ञांपुढे घड्याळ उघडून समजावून सांगितले, केंडलने ते पुन्हा घडवले, आणि कुकने तीन वर्षे समुद्रावर वापरले. त्यानंतर त्याला योगायोग म्हणण्याची कोणाची छाती राहिली नाही. १७७३ मध्ये संसदेने आणखी ८,७५० पौंड दिले, तोवर तो ऐंशीचा झाला होता. उशिराबद्दल मंडळाला दोष द्यावा. रीत मागितल्याबद्दल देऊ नये. पदवी नसलेल्या माणसाचे खरे संरक्षण त्या मागणीतच आहे, कारण आकडा पुन्हा काढून पाहणारा तुमचे शिक्षण विचारत नाही.

सोबेल यांचे पुस्तक जरूर वाचावे. फक्त वाचताना शेजारी एखादे पंचांग उघडे ठेवावे आणि त्यातला एकेक आकडा कोणी, कुठे बसून काढला असेल, याचा विचार करावा.