पाहिला जाणारा देह, पाहणारा डोळा : अण्णा साळुंके यांची कारकीर्द

भारतीय मूकपटाच्या इतिहासात अण्णा साळुंके यांना स्थान मिळाले आहे ते प्रामुख्याने एका किश्श्यापुरते. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटातील तारामतीच्या भूमिकेसाठी कोणी स्त्री तयार होईना, तेव्हा धुंडिराज गोविंद फाळके यांनी मुंबईच्या ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या या तरुणाची निवड केली. किस्सा येथे संपतो. साळुंके पुढे छायालेखक झाले, ही घटना मात्र समीक्षेने जवळजवळ अस्पर्शित ठेवली आहे.

मराठी रंगभूमीवरील स्त्रीभूमिकेचा मोठा आधार स्वर होता. बालगंधर्वांचे स्त्रीरूप गायनावाचून कल्पिताच येत नाही. मूकपटाने हा आधार काढून घेतला आणि स्त्रीत्वाच्या निर्मितीचा सारा भार दृश्य देहावर टाकला. ‘राजा हरिश्चंद्र’मधील स्नानदृश्यात ओल्या वस्त्रांतील तारामती व तिच्या सख्या सगळे पुरुषच आहेत. (उपलब्ध रिळे १९१३ ची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याविषयी इतिहासकारांत मतभेद आहेत.) ‘लंकादहन’मध्ये (१९१७) तर राम आणि सीता या दोन्ही भूमिका साळुंके यांच्याच होत्या. चित्रपटात पुरुष पाहतो आणि स्त्री पाहिली जाते, हे लॉरा मल्व्ही यांनी १९७५ मध्ये मांडलेले प्रतिमान येथे अपुरे पडते. येथे पाहिला जाणारा देह पुरुषाचा आहे. ‘स्त्री’ हे त्या देहावर चढविलेले चिन्ह आहे.

फाळके यांनी १९१८ मध्ये भागीदारांसह नाशिक येथे हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन केली. विसाच्या दशकात साळुंके छायालेखन करू लागले. कॅमेऱ्यापुढे कोणता कोन, कोणता प्रकाश, कोणती अंगस्थिती ‘स्त्री’ घडविते हे ज्याने स्वतःच्या देहावर अनुभवले, तोच आता त्या दृष्टीचा चालक झाला. दृश्याचा विषय येथे द्रष्टा होतो.

जपानी मूकपटातही स्त्रीभूमिका पुरुष करीत. निक्कात्सु कंपनीतील असे एक नट तेइनोसुके किनुगासा पुढे दिग्दर्शक झाले. त्यांचा ‘कुरुत्ता इप्पेजी’ (१९२६) दीर्घकाळ हरवला होता; १९७० च्या दशकात तो पुन्हा प्रकाशात आल्यावर त्यावर विपुल समीक्षा झाली. साळुंके यांच्या वाट्याला असे पुनर्वाचन आले नाही. हिंदुस्थान कंपनीचे बहुसंख्य चित्रपट नष्ट झाले, हे त्याचे एक कारण. दुसरे कारण समीक्षेच्या पद्धतीत आहे. साहित्यविचारातून घेतलेली ‘कर्ता’ ही संकल्पना चित्रपटाला लावताना मराठी समीक्षेने लेखकाच्या जागी दिग्दर्शक बसविला आणि छायालेखकाकडे केवळ तंत्रज्ञ म्हणून पाहिले. फाळके-युगातील दृष्टी एकट्या फाळके यांची होती, हे गृहीतक त्यातून रूढ झाले.

नष्ट चित्रफितींवरून साळुंके यांची शैली सिद्ध करता येणार नाही. पण तारामती आणि छायालेखक या त्यांच्या दोन भूमिका एकत्र वाचल्या, तर ते गृहीतक तरी तपासावे लागते.